ठिपक्यांचा नकाशा हा जातीचा दाखला नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या रविवार पुरवणीत भारतीयांच्या जनुकीय विविधतेवर आलेला लेख मी दोनदा वाचला. लेख चांगला होता. माझी तक्रार लेखाबद्दल नसून त्याच्यासोबत अर्धे पान व्यापून छापलेल्या रंगीत चित्राबद्दल आहे. पांढऱ्या जागेवर हिरव्या, केशरी, जांभळ्या ठिपक्यांचे पुंजके आणि खाली एकच ओळ : ‘प्रत्येक ठिपका म्हणजे एक माणूस, ठिपके जितके जवळ, तितके नाते जवळचे.’ आडव्या आणि उभ्या अक्षांवर काय मोजले आहे, हे मोजमाप किती माणसांचे आणि जीनोममधल्या (म्हणजे माणसाच्या संपूर्ण डीएनएमधल्या) किती जागांचे आहे, ठिपक्यांना रंग कोणी व कशावरून दिले, यांपैकी एकही गोष्ट त्या चौकटीत नव्हती. पुढच्याच आठवड्यात ते चित्र आमच्या समाजाच्या व्हॉट्सॲप गटावर फिरू लागले, तेही एका पुंजक्याभोवती लाल गोल काढून. वधू-वर परिचय मेळाव्याच्या तयारीसाठी भरलेल्या बैठकीत एका सद्गृहस्थांनी ते मोबाइलवर सर्वांना दाखवले आणि ‘आपण वेगळे आहोत, हे आता विज्ञानानेच सिद्ध केले’ असे जाहीर करून टाकले. मी हरकत घेतली, तेव्हा ‘सर, पेपरात छापून आलंय’ एवढेच उत्तर मिळाले. म्हणून हे पत्र पेपरालाच लिहीत आहे.

जळगाव जिल्ह्यातील एका महाविद्यालयात मी बरीच वर्षे संख्याशास्त्र शिकवले. जीवशास्त्र हा माझा विषय नाही, परंतु अशी चित्रे ज्या गणिताने काढतात ते गणित माझ्या रोजच्या शिकवण्यातले होते, आणि चित्राखालची ती ओळ त्या गणिताच्या नेमकी विरुद्ध जाते.

माणसाच्या जीनोममध्ये साधारण ३०० कोटी अक्षरे (ए, सी, जी, टी या चार रासायनिक घटकांची) असतात आणि कोणत्याही दोन माणसांची अक्षरे पडताळली, तर हजारात एखादेच वेगळे निघते. ज्या जागी माणसामाणसांत फरक पडतो, अशा काही लाख जागा संशोधक निवडतात. समजा, एका जागी काहींना ‘ए’ हे अक्षर असते आणि काहींना ‘जी’. प्रत्येकाकडे आईकडून आलेली एक आणि वडिलांकडून आलेली एक अशा दोन प्रती असल्यामुळे त्या जागी ‘जी’ किती वेळा आहे, याचे उत्तर ०, १ किंवा २ एवढेच असू शकते. म्हणजे तक्त्यात एक माणूस ही ०, १, २ या आकड्यांची लांबलचक ओळ होते. हैदराबादच्या सीसीएमबी या पेशी व रेणू जीवशास्त्र संशोधन केंद्राचे लालजी सिंग आणि के. थंगराज यांनी डेव्हिड राईश व इतर अमेरिकी सहकाऱ्यांसह २००९ साली ‘नेचर’ या विज्ञान नियतकालिकात प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात भारतातील २५ समूहांमधल्या १३२ व्यक्ती होत्या आणि तपासलेल्या जागा ५,६०,१२३ होत्या. गुणाकार केला तर हा तक्ता सुमारे ७ कोटी ३९ लाख आकड्यांचा होतो. त्याचे सपाट चित्र काढायचे, तर माणशी एक आडवा आणि एक उभा असे दोनच आकडे उरतात, म्हणजे सगळे मिळून २६४. मधल्या मधले बाकीचे आकडे गेले कुठे, हा प्रश्न चित्र पाहणाऱ्याने विचारायला हवा आणि छापणाऱ्याने त्याच्या आधी.

वर्गात हे समजावण्यासाठी मी केळीचा घड वापरत असे. रावेरकडचा एखादा विद्यार्थी बागेतून नऊ-दहा फण्यांचा कच्चा घड आणून देई. आम्ही तो दांड्याला दोरी बांधून टांगत असू आणि खोली अंधारी करून बॅटरीच्या उजेडात भिंतीवर त्याची सावली पाडत असू. उजेड दांड्याच्या टोकाकडून टाकला, तर सावलीचा नुसता गोळा होतो आणि फणी एक आहे की दहा, ते कळत नाही. उजेड बाजूने टाकला की सावली लांबट पडते आणि फण्या मोजता येतात. कोणत्या कोनातून सावली सर्वांत जास्त पसरते ते शोधायचे, ती झाली पहिली दिशा. तिच्याशी काटकोन करून उरलेल्यांत जी जास्तीत जास्त पसरेल ती दुसरी. कार्ल पीअरसन यांनी १९०१ साली मांडलेली आणि हॅरॉल्ड हॉटेलिंग यांनी १९३३ साली पुढे नेलेली प्रिन्सिपल कंपोनंट ॲनालिसिस, म्हणजेच पीसीए, ही पद्धत मुळात एवढेच करते, फक्त घडाच्या तीन मितींऐवजी तिच्यापुढे पाच लाख मिती असतात. (प्रात्यक्षिकाचे साहित्य आठ-दहा दिवसांनी पिकले की वर्गच ते संपवत असे, त्यामुळे या तासाला हजेरी चांगली असायची.)

आता त्याच सावलीकडे पुन्हा पाहावे. दांड्याच्या पुढच्या अंगाचे केळे आणि मागच्या अंगाचे केळे प्रत्यक्षात वीतभर अंतरावर असतात, पण सावलीत एकावर एक पडतात. सावलीत जी दोन केळी लांब दिसतात ती खरोखरच निदान तेवढी तरी लांब असतात, मात्र जवळ दिसणारी केळी जवळ असतीलच, अशी हमी सावली देत नाही. पीसीएच्या चित्राचेही अगदी असेच आहे. ‘ठिपके जवळ तर नाते जवळचे’ हे आपल्या पुरवणीतले वाक्य नेमके त्या बाजूचे आहे, जिची हमी गणित देत नाही.

किती दडले आहे, याचाही हिशेब मांडता येतो आणि तो अक्षाशेजारी बारीक अक्षरांत लिहिण्याची शास्त्रीय नियतकालिकांत पद्धत आहे. जॉन नोव्हेम्बर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००८ साली युरोपातील १,३८७ लोकांचा असा नकाशा ‘नेचर’मध्ये छापला. तो जगभर गाजला, कारण ठिपक्यांची मांडणी थेट युरोपच्या भूगोलासारखी दिसत होती. इटलीचे ठिपके इटलीच्या जागी, स्पेनचे स्पेनच्या जागी. त्या चित्राच्या पहिल्या अक्षाने एकूण फरकांपैकी ०.३० टक्के फरक दाखवला होता आणि दुसऱ्याने ०.१५ टक्के. शंभर रुपयांतले पंचेचाळीस पैसे. ते पंचेचाळीस पैसे खोटे नाहीत, हेही सांगितले पाहिजे. एकेका जागेवरचा फरक क्षुल्लक असला, तरी लाखो जागांवर तो एकाच दिशेने किंचित झुकलेला असेल, तर त्याची बेरीज होऊन आकृती उमटते, आणि हे गणिताचे मोठेच यश आहे. परंतु ते पंचेचाळीस पैसे ताणून अर्ध्या पानावर पसरले आणि उरलेल्या साडेनव्व्याण्णव रुपयांचा उल्लेखही केला नाही, तर वाचकाला ते शंभर रुपये वाटणारच. जनुकशास्त्रज्ञ रिचर्ड लेवॉन्टिन यांनी १९७२ सालीच दाखवून दिले होते की मानवी विविधतेचा सुमारे ८५ टक्के भाग समूहासमूहांमध्ये नसून प्रत्येक समूहाच्या आत असतो.

त्या युरोपच्या नकाशाची आणखी एक गोष्ट आपल्याकडे फारशी सांगितली जात नाही. ज्यांचे आजी-आजोबा वेगवेगळ्या देशांतले होते, अशी माणसे त्यातून आधीच वगळली होती. संशोधकांनी ते लपवले नाही आणि त्यांच्या प्रश्नासाठी ते योग्यही होते. पण आपल्या खान्देशात तीच चाळणी लावली, तर किती जण उरतील? एक आजी बऱ्हाणपूरची, आजोबा सुरतेकडून व्यापारासाठी आलेले, आई निमाडातली, घरात अहिराणी आणि पेठेत गुजराती, अशी कितीतरी घरे तापीच्या दोन्ही काठांना आहेत. सरहद्दीवरचा प्रांत वगळून काढलेल्या नकाशात सरहद्दी ठळक दिसल्या, तर नवल कसले?

माझी नात पुण्यात जैवमाहितीशास्त्रात एम. एस्सी. करते. दिवाळीत ती घरी आली, तेव्हा मी तिला हे चित्र दाखवले. ती काही बोलली नाही. तिने ओट्यावर बसून लॅपटॉप उघडला आणि ‘१००० जीनोम्स’ प्रकल्पाची सर्वांसाठी खुली असलेली माहिती उतरवून घेतली. २६ समूहांतल्या २,५०४ व्यक्ती त्यात आहेत. तिने त्यावरून पीसीएची चित्रे काढली. पहिल्या चित्रात एका टोकाला आफ्रिका, दुसऱ्या अक्षाच्या दोन टोकांना युरोप आणि पूर्व आशिया, आणि या दोघांच्या मधोमध दक्षिण आशियाचे ठिपके. एवढ्यावरून ‘भारतीय म्हणजे युरोपीय आणि चिनी यांचे मिश्रण’ असे कोणी म्हणू लागेल, तर ते साफ चुकीचे ठरेल. घडाच्या सावलीत मध्ये दिसणारे केळे हे दोन टोकांच्या केळ्यांचे मिश्रण नसते. मग तिने आफ्रिकेतली माणसे काढून टाकली, आणि बाकी कोणाच्याही डीएनएमधले एक अक्षरही न बदलता सगळ्यांच्या जागा बदलल्या, कारण अक्षच नव्याने ठरले. पुढे तिने फक्त दक्षिण आशिया ठेवला आणि रंग काढून सगळे ठिपके करडे केले. एखाद-दुसरा झुबका सोडला, तर तो एक सलग ढग होता. रंग परत आणले, आणि माझ्यासारख्या सावध माणसाच्या डोळ्यांनाही लगेच कुंपणे दिसू लागली. रंग हे मोजमापातून आलेले नव्हते, माणसांनी आधीच लावलेल्या नावांवरून आलेले होते.

‘आबा, यात आपलं गाव शोधा बरं,’ ती म्हणाली. शोधण्यासारखे काही नव्हते. या माहितीत भारताचे म्हणून जे दोन गट आहेत, त्यांतले गुजराती अमेरिकेतील ह्यूस्टनला राहणारे आहेत आणि तेलुगू ब्रिटनमध्ये. खान्देशच काय, महाराष्ट्राचाही त्यात स्वतंत्र गट नाही. जानेवारी २०२५ मध्ये जीनोम इंडिया प्रकल्पाने दहा हजार भारतीयांच्या जीनोमची माहिती फरिदाबादच्या इंडियन बायोलॉजिकल डेटा सेंटरमार्फत संशोधकांसाठी खुली केल्यामुळे ही परिस्थिती आता बदलेल. मात्र कोणाचे किती नमुने घेतले, यावर अक्ष अवलंबून असतात, ही गोष्ट त्यानेही बदलणार नाही.

येथवर मी पीसीएबद्दलच बोललो, कारण ती त्यातल्या त्यात सरळ आहे. अलीकडे टी-एसएनई आणि यूमॅप या पद्धतींची चित्रे जास्त दिसतात, आणि आपल्या पुरवणीतले चित्र, त्यातले सुटे सुटे बेटांसारखे पुंजके पाहता, यूमॅपचे असावे असा माझा कयास आहे. टी-एसएनई ही पद्धत २००८ साली लॉरेन्स व्हान डर माटेन आणि जेफ्री हिंटन यांनी मांडली (हिंटन म्हणजे २०२४ चे भौतिकशास्त्राचे नोबेल मिळालेले). यूमॅप २०१८ मधली. या पद्धती प्रत्येक ठिपक्याच्या निकटच्या शेजाऱ्यांची काळजी घेतात आणि दूरच्यांचे अंतर बहुतांशी वाऱ्यावर सोडतात. लग्नाच्या पंगतीत प्रत्येक जण आपल्या सोयऱ्याशेजारी पाट धरतो, पण धुळ्याकडच्यांची पंगत चोपड्याकडच्यांच्या पंगतीपासून किती लांब मांडली गेली, हे नात्यावर नव्हे, मांडवातल्या जागेवर ठरते. त्याच प्रकारे या चित्रांत दोन बेटांमधल्या अंतराला आणि बेटाच्या लहानमोठ्या आकाराला भरवशाचा अर्थ नसतो. पीसीएच्या सावलीत निदान लांबचे ते लांब असते. येथे तीही हमी गेली. नातीने यूमॅपमध्ये विचारात घ्यायच्या शेजाऱ्यांची संख्या १५ वरून ५० केली, तेव्हा तीच माणसे वेगळ्या आकृतीत जाऊन बसली. २०२३ साली तारा चारी आणि लिऑर पॅक्टर या संशोधकांनी तर पेशींच्या जनुकीय नोंदी चक्क हत्तीच्या आकृतीत बसवून दाखवल्या आणि प्रचलित मोजपट्ट्यांवर तो हत्ती या नावाजलेल्या पद्धतींच्या चित्रांच्या तोडीस तोड ठरतो, हे दाखवून दिले. अमेरिकेच्या ‘ऑल ऑफ अस’ या आरोग्य-संशोधन कार्यक्रमाने फेब्रुवारी २०२४ मध्ये २,४५,३८८ जीनोमचा अभ्यास प्रसिद्ध केला, तेव्हा त्यातल्या यूमॅप चित्रावर जनुकशास्त्रज्ञांनीच टीका केली, कारण माणसांतले सलग, सरमिसळ असलेले फरक त्यात तुटक वंशांसारखे दिसत होते. तिथे तज्ज्ञ अडखळले, तर आमच्या बैठकीतल्या सद्गृहस्थांना मी एकट्याने काय दोष देऊ?

तरीही त्यांच्या त्या लाल गोलाबद्दल एक गोष्ट मी सांगणार आहे, कारण ती त्यांच्या म्हणण्याच्या उलट जाते. भारतातल्या जाती काही चित्रांत घट्ट पुंजक्यांनी दिसतात, हे खरे आहे; पिढ्यान्‌पिढ्या लग्ने आपल्यातच झाली की तसे होते. २०१७ साली दक्षिण आशियातील २६० हून अधिक समूहांचा अभ्यास प्रसिद्ध झाला आणि त्यांपैकी ८१ समूह असे निघाले की त्यांच्या मूळ पूर्वजांची संख्या फिनलंडचे लोक किंवा अश्केनाझी (मध्य व पूर्व युरोपातील) ज्यू यांच्यापेक्षाही आक्रसलेली होती. अशा समूहात एखाद्या पूर्वजाकडून आलेला सदोष जनुक पुष्कळांमध्ये दबून राहतो आणि दोन वाहकांचे (म्हणजे त्या जनुकाची एकच सदोष प्रत असलेल्या, स्वतः आजारी नसलेल्यांचे) लग्न झाले की अपत्यात उघडा पडतो. तेव्हा पुंजका जितका घट्ट, तितकी डॉक्टरांची काळजी जास्त. लाल गोल काढायचाच असेल, तर तो अभिमानाचा नव्हे, धोक्याच्या सूचनेचा काढावा लागेल.

आणि ज्या जनुकाची आपल्या भागाला खरोखर चिंता आहे, तो या चित्रांत दिसतच नाही. सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक आजार अकराव्या गुणसूत्रावरील बीटा-ग्लोबिन जनुकात एकच अक्षर बदलल्याने होतो. ‘ए’च्या जागी ‘टी’ येते आणि त्यामुळे प्रथिनातला सहावा घटक बदलतो. पाच लाख रकान्यांत ते अक्षर फार तर एका रकान्याचे धनी, आणि अक्ष ठरवताना त्याचे वजन जवळपास शून्य. धडगाव किंवा अक्कलकुव्याच्या एखाद्या पाड्यातली दोन सख्खी भावंडे, एक वाहक आणि एक निरोगी, या नकाशात शेजारी-शेजारी पडतील आणि नकाशा पाहणाऱ्याला त्यांच्यातला जन्माचा फरक कळणार नाही. तो रक्ताच्या साध्या सोल्युबिलिटी चाचणीत आणि नंतरच्या इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी तपासणीत कळतो. आई-वडील दोघेही वाहक असतील, तर प्रत्येक गरोदरपणात मूल आजारी असण्याची शक्यता चारात एक असते. १ जुलै २०२३ पासून सुरू झालेल्या राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन मोहिमेचा सगळा भर तपासणीवर आणि लग्नाआधीच्या समुपदेशनावर आहे तो याचसाठी. परिचय मेळाव्यात जनुकशास्त्र आणायचेच असेल, तर ते ठिपक्यांच्या रूपाने न आणता रक्ताच्या अहवालाच्या रूपाने आणावे, असे मी त्या बैठकीतही म्हणालो होतो. ते इतिवृत्तात आले नाही.

याचा अर्थ ही चित्रे निरुपयोगी आहेत, असा नाही. प्रयोगशाळेत नमुन्यांच्या नळ्यांची अदलाबदल झाली, तर तो ठिपका भलत्याच जागी पडतो आणि चूक पकडली जाते. समजा, आजारी माणसे नंदुरबारची घेतली आणि निरोगी माणसे पुण्याची, तर नंदुरबारकडे सहज जास्त आढळणारे कोणतेही निरुपद्रवी अक्षर आजाराचे कारण असल्यासारखे भासेल. ही फसगत टाळण्यासाठी २००६ पासून पीसीएचे अक्ष सर्रास वापरले जातात. तिथे चित्र हे संशोधकाचे हत्यार असते. वर्तमानपत्रात आले की त्याचा पुरावा होतो.

आपल्या देशात या बाबतीत जास्त जपायला हवे, कारण मोजमापावरून माणसांची उतरंड लावण्याचा उद्योग येथे एकदा होऊन गेला आहे. १९०१ च्या जनगणनेचे आयुक्त हर्बर्ट रिस्ली नाकाच्या रुंदीवरून समाजातली पायरी सांगत. त्यांच्याच आकड्यांची फेरतपासणी १९३३ साली प्रशांतचंद्र महालनोबिस यांनी केली आणि त्यातल्या चुका काढल्या. १९३६ साली याच महालनोबिस यांनी दोन समूहांमधले अंतर अनेक मोजमापे एकत्र धरून, एकमेकांशी निगडित मोजमापे दुहेरी न मोजता, कसे काढावे याचे सूत्र दिले. ते आज जगभर त्यांच्या नावाने वापरले जाते. आधी आकडे तपासा आणि मग अंतर मोजा, हा क्रम त्यांनी पाळला होता.

आपल्याकडून माझी मागणी फार मोठी नाही. यापुढे असे चित्र छापताना त्याखाली माणसांची व तपासलेल्या जागांची संख्या, पद्धतीचे नाव, पीसीए असल्यास अक्षांनी दाखवलेल्या फरकाची टक्केवारी आणि रंग कशावरून दिले त्याचा खुलासा, एवढे दोन-तीन ओळींत द्यावे. जागा कमी पडत असेल, तर चित्र पाव पानाचे करावे. आणि ‘ठिपके जवळ तर नाते जवळचे’ या वाक्याची दुरुस्ती आपल्या अंकात शक्य तितक्या लवकर छापावी. आमचा मेळावा पुढील महिन्याच्या दुसऱ्या रविवारी आहे, आणि ते चित्र मोठे करून मंडपाच्या प्रवेशद्वारापाशी लावण्याचे ठरले आहे. त्याआधी दुरुस्ती आली, तर तिचे कात्रण त्या चित्राशेजारी चिकटवण्याची परवानगी मी आयोजकांकडून मिळवली आहे.

आपला,
एक निवृत्त संख्याशास्त्र प्राध्यापक,
जि. जळगाव